फर्नांडा मोंटेनेग्रो : आधी रंगभूमी, मग ऑस्कर

महोदय,
ब्राझीलच्या ज्येष्ठ अभिनेत्री फर्नांडा मोंटेनेग्रो यांची ओळख आपल्याकडे बहुधा १९९८ च्या 'सेंट्रल स्टेशन'पुरती असते. रिओच्या रेल्वे स्थानकावर निरक्षरांना पत्रे लिहून देणारी डोरा त्यांनी साकारली. बर्लिन महोत्सवात त्या सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरल्या, ऑस्करचे नामांकनही मिळाले. पण तेव्हा त्या जवळपास सत्तरीच्या होत्या! त्याआधीची पाच दशके कोणी सांगतच नाही, याची खंत वाटते.

१९२९ मध्ये रिओत जन्मलेल्या या बाईंनी १९५० च्या सुमारास रंगभूमीवर पाऊल ठेवले आणि लगेचच टीव्ही तुपी वाहिनीवर त्या नाटके करू लागल्या. तेव्हा ब्राझीलमध्ये दूरचित्रवाणी नुकतीच आली होती. सारे थेट प्रक्षेपण. चुकले तर चुकले. १९५९ मध्ये पती फर्नांडो टोरेस व सहकाऱ्यांसह त्यांनी 'तिआत्रो दोस सेते' ही नाट्यसंस्था उभारली. पुढे मालिकांनी त्यांना घराघरांत नेले. १९८५ मध्ये सरकारने सांस्कृतिक मंत्रिपद देऊ केले, तेही त्यांनी नाकारले. रंगमंच सोडायचा नव्हता.

'आय अ‍ॅम स्टिल हिअर' या चित्रपटात मुलगी फर्नांडा टोरेस हिने साकारलेल्या नायिकेचे वार्धक्य त्यांनी केवळ डोळ्यांनी उभे केले. तो प्रसंग मी तीनदा पाहिला. आपल्या वृत्तपत्राने रंगभूमीवरच्या अशा दीर्घ कारकिर्दींवर एखादे सदर जरूर सुरू करावे.

– एक नाट्यरसिक, पुणे