आधी वास शोधा, मग सोफा धुवा

महोदय,

गणपती तोंडावर आले की मुंबईत घरोघरी सोफे धुऊन घेण्याची घाई सुरू होते. आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर या आठवड्यात तिघींनी सोफा धुणाऱ्याचा नंबर मागितला. गेल्या वर्षी मीही तेच केले होते, म्हणून हे पत्र.

आमचे घर वन रूम किचन. हॉलमधला सोफा-कम-बेड हाच रात्री माझ्या सासऱ्यांचा, अप्पांचा, पलंग. अप्पा ८६ वर्षांचे आहेत. जुलैत त्या सोफ्याला वास यायला लागला. तोंडावर कोणी काही बोलले नाही, पण आलेला माणूस कडेला टेकायचा आणि चहा संपायच्या आत उठायचा. अप्पांच्या ते लक्षात आले. पाहुणे येणार म्हटले की ते प्लास्टिकची खुर्ची उचलून बाहेरच्या गॅलरीत जाऊन बसू लागले, पाऊस आत येत असला तरी. मला ते बघवेना.

मशीनने शाम्पू करणाऱ्यांना बोलावले. दीड तासात कापड स्वच्छ झाले, पण आतला फोम पाणी पिऊन जड झाला. 'पंखा लावा, संध्याकाळपर्यंत सुकेल,' असे सांगून ते गेले. ऐन पावसाळ्यात मुंबईच्या हवेत ८० टक्क्यांच्या आसपास आर्द्रता असते. त्यात चार इंची फोम एका दिवसात सुकत नाही, आणि ओल २४ ते ४८ तास राहिली की बुरशी धरू लागते. चौथ्या दिवशी आधीच्या वासात कुबट वासाची भर पडली.

मी तीस वर्षे रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत काम केले. नमुना तपासल्याशिवाय निदान नाही, ही तिथली शिस्त. घरी मात्र मी ती पाळली नव्हती. घरातल्या वासाला नाक सरावते, म्हणून सकाळी तासभर चालून आले आणि आल्या आल्या सोफ्यासमोर गुडघे टेकले. बैठक, पाठ, हात, उशा, सगळे वेगवेगळे हुंगले. कुबट वास सगळीकडे होता. पण नाकात झोंबणारा दर्प फक्त डाव्या बैठकीला. सोफा आडवा करून तळाचे काळे कापड स्टेपलच्या पिना उपसून सोडवले, तर प्लायवर बशीएवढा पिवळट डाग, कडा तपकिरी. खोटी नोट ओळखायचा निळा टॉर्च अंधारात फिरवला, तेव्हा बैठकीच्या पुढच्या कडेलाही फिकट पिवळे ओघळ उजळले. (कपड्याच्या साबणाचे अंशही या उजेडात चमकतात, पण निळसर पांढरे. शेवटी खात्री नाकानेच करावी.)

म्हणजे डाग लघवीचा होता. लघवीतला युरिया साबणपाण्याने निघून जातो. युरिक आम्लाचे स्फटिक पाण्यात जेमतेम विरघळतात, म्हणून ते मागे उरतात. एरवी वास जाणवत नाही. हवा दमट झाली की पुन्हा सुटतो. त्यांच्यावर एन्झाइमचे द्रावण चालते. कुत्र्यामांजरांच्या वस्तू विकणाऱ्या दुकानात ते मिळते. वरवर फवारून भागत नाही, ओल जिथवर मुरली तिथवर ते पोहोचले पाहिजे आणि काही तास तिथे ओले राहिले पाहिजे. बुरशी धरलेला डाव्या बैठकीचा फोम मी टाकून नवा भरून घेतला. प्लायला द्रावण लावून, पूर्ण सुकवून, वर वार्निशचे दोन हात दिले.

साध्या घामाच्या किंवा सांडलेल्या खाण्याच्या वासाला एवढे करावे लागत नाही. खाण्याचा सोडा कोरडाच भुरभुरवून रात्रभर ठेवावा, सकाळी व्हॅक्यूमने ओढून घ्यावा. सोडा आणि व्हिनेगर एकत्र घालू नये. दोन्ही एकमेकांना मारतात आणि हाती काही लागत नाही. आणि लघवीच्या डागावर ब्लीच कधीही ओतू नका. अमोनियाशी मिसळून विषारी वायू होतो. बंद खोलीत, म्हाताऱ्या माणसाजवळ तर तो फारच घातक. सुगंधी फवाऱ्याने दोन तास वास झाकतो, डाग तिथेच राहतो.

यातून अप्पांचे दुखणेही कळले. रात्री लघवी निसटते हे त्यांनी संकोचाने लपवले होते. डॉक्टरांनी प्रोस्टेटची औषधे सुरू केली; चादरीखाली आता रबरी शीट असते. गॅलरीतली खुर्ची आत आली, आणि अप्पा पुन्हा डाव्या कोपऱ्यात बसून पेपर वाचतात. ज्या घरात वृद्ध माणूस आहे तिथे सोफ्याच्या वासावर कुजबुज करण्याआधी कोणीतरी त्यांच्याशी प्रेमाने, एकांतात बोलावे, ही माझी कळकळीची विनंती.

सोफा धुण्याचा व्यवसाय करणाऱ्यांनाही सांगणे आहे: पावसाळ्यात ऑर्डर घेण्याआधी 'वास कसला आहे?' एवढे विचारा, आणि फोम दाबल्यावर हाताला ओल लागत असेल तर तसाच सोडून जाऊ नका. गणपतीआधी धुवायचाच असेल तर खोळी काढून त्या तेवढ्या धुवा, फोम कोरडाच साफ करा. पाण्याने धुण्याचे काम ऑक्टोबरच्या उन्हासाठी ठेवा.

एक निवृत्त प्रयोगशाळा तंत्रज्ञ,
कन्नमवार नगर, विक्रोळी (पूर्व), मुंबई