मनू, कडी मिळाली

मनू,

पार्सल काल मिळालं. मेसेज टाकणार होतो, मग म्हटलं नको, फोनवर आपलं पाच मिनिटांत बिनसतं, त्यापेक्षा लिहितो, तू सवडीने वाच.

कडी सुरेख झालीय गं. मी तासभर हातात घेऊन बसलो होतो. एवढीशी दाराची कडी, पण तिला जे वजन आलंय ते मला तिशी उलटेपर्यंत जमलं नव्हतं, माझ्या वस्तू पोकळ यायच्या, ठोकलं की रिकाम्या डब्यासारख्या वाजायच्या. आणि सरकवताना ती मधेच जराशी अडते ना, ते मुद्दाम करायला गेलं तर होत नाही, ते स्वप्नातूनच उतरावं लागतं. आईला दाखवली. तिने उलटीपालटी करून बघितली, काही न बोलता परत दिली. तुला माहितीय तिचं.

फक्त डावी कड. नख फिरवलं की करकरते, तुटल्यासारखी आहे. स्वप्न आपसूक संपलं की अशी कड येत नाही मनू, ही अलार्मची कड आहे. इतकी वर्षं हेच काम केलं, मला कळणार नाही होय? रात्रीत किती वेळा लावतेस?

झोपेबद्दल एक अक्षर काढायचं नाही असं ठरवून बसलो होतो. मागच्या वेळी तू त्यावरूनच फोन ठेवलास. राहू दे.

पण एक कामाचं सांगतो. झोपेची एक फेरी साधारण ९० मिनिटांची, म्हणून दर दीड तासाने उठलं की रात्रीत चार-पाच वस्तू निघतात, असा हिशोब तिकडे कारखान्यात सगळेच करत असतील. पण पहिल्या फेऱ्यांत स्वप्नाचा टप्पा असतो केवढासा, काही मिनिटांचा, आणि पहाटेकडे तो लांबत जातो. तेव्हा पापण्यांखाली बुबुळं फिरत असतात आणि हातपाय पार ढिले पडलेले असतात, स्वप्नात पळालो तरी अंथरुणातून उठून पळू नये म्हणून शरीरानेच केलेली सोय आहे ती. त्या पहाटेच्या फेरीतली एक अख्खी वस्तू काढ. जाग आली की डोळे उघडू नकोस, कूस बदलू नकोस, हललीस की स्वप्न विरलंच. मूठ मिटलेली ठेव, एकच वस्तू धरून ठेव, अख्खं घर ओढायला जाऊ नकोस, आणि हाताला वजन लागलं की मगच श्वास सोड. हे तुला येतंच म्हणा. पण त्यासाठी आधी रात्रभर झोपावं लागतं.

आत्याचंही असंच सुरू झालं होतं. तुला तिचा तो जिना तेवढा आठवत असेल. ११ पायऱ्या झाल्या होत्या, रोज म्हणायची आज बारावी काढते. शेवटी शेवटी तर भरदुपारी बसल्या जागी डोळे मिटायचे आणि हातातून कायकाय निघायचं, अर्धं चाक, बोटं नसलेला हातमोजा, आणि तिला पत्ताच नसायचा. अडवलेली स्वप्नं पुढच्या झोपेत जास्त जोराने येतात, तिने त्यांना रात्र दिलीच नाही म्हणून ती दिवसा यायला लागली. मी शेजारच्या खोलीत असायचो. मला वाटायचं मेहनत करतेय पोरगी.

झालं, लेक्चर दिलंच मी. सॉरी. २३ वर्षांची आहेस, तुझं काम तुला कळतं, आणि माझ्यापेक्षा चांगलं करतेस हे मी तिथे आलो तर सगळ्यांसमोर सांगेन.

सात वर्षांची होतीस तेव्हा पहाटे मला हलवून उठवलंस आणि मूठ उघडलीस. आत बटण, पाच भोकांचं. मी विचारलं पाच कशाला गं, तर म्हणालीस स्वप्नात मोजायला वेळ नव्हता. तुला कुणी काही शिकवलं नव्हतं. मला इतका आनंद झाला आणि त्याच क्षणी पोटात गोळा आला, कुठलं आधी ते आजही सांगता येणार नाही. राखाडी शर्टाला वरून दुसरं तेच बटण आहे अजून. काल परत त्याच्यावरून बोट फिरवून बघितलं. गुळगुळीत. पोटभर झोपून उठली होतीस ना तू.

हे एवढं काल लिहिलं आणि ठेवून दिलं. रात्री कडी तुझ्या खोलीच्या दाराला लावायला घेतली. नवीन भोकं पाडावी लागली नाहीत, जुन्याच भोकांत बसली, आणि डावी कड चौकटीवरच्या त्या ओरखड्याशी बरोब्बर जुळली. आईला हाक मारली. ती म्हणाली, मी दुपारीच ओळखली होती.

आत्याच्या वेळी आम्ही तोडलेली कडी आहे ही. तू चार वर्षांची होतीस, आम्हाला वाटत होतं तुला कुणीतरी मागच्या खोलीत नेलंय. तू बघत होतीस का गं? इतक्या वर्षांत कधी विचारलं नाहीस.

म्हणजे कड अलार्मची नसेलही. मग मी उगाच बोललो, त्यासाठी माफ कर. पण हे स्वप्न किती दिवस पडतंय तेवढं कळव. आणि अलार्म असेल तर तेही कळव, मी ओरडणार नाही. सकाळी फोन कर, झोप पूर्ण झाल्यावर. उशीर झाला तरी चालेल, मी फोन जवळच ठेवतो.

बाबा