वारीतला मोबाईल

संपादक साहेब, नमस्कार.

वारीत मोबाईल नकोच असं म्हणणाऱ्यांशी माझं अजिबात पटत नाही. २०२० साली कोरोनात पायी वारी बंद होती, माउलींच्या नि तुकोबांच्या पादुका एसटीने पंढरपूरला गेल्या, तेव्हा वारकऱ्यांनी घरी बसून टीव्हीवर, फोनवरच विठोबा बघितला ना? आमच्या आईला गुडघ्यांमुळे आता आळंदी ते पंढरपूर अडीचशे किलोमीटर चालणं जमत नाही, रोज संध्याकाळी ती फोन उशीला टेकवून हरिपाठ लावते नि टाळ्या वाजवत सोबत म्हणते, चष्मा नसला तरी चालतं कारण सगळं पाठच आहे. तिची ती उपासना खोटी कशी म्हणायची?

राग येतो तो दुसऱ्याच गोष्टीचा. अभंग ऐन रंगात आलेला असतो नि मध्येच कर्जाच्या ॲपची जाहिरात कानठळ्या बसवते, आईला ती बंद करता येत नाही, बिचारी हात जोडून तशीच बसून राहते. आणि तिकडे रिंगणात अश्व धावत येतो तेव्हा रील काढायला पोरं कडं तोडून पुढे घुसतात, घोडा बिथरला तर म्हाताऱ्या माणसांच्या अंगावर जाईल याचं काही भानच नाही!

देवस्थानांनी भजन-कीर्तनं विनाजाहिरात स्वतःच्या वेबसाईटवर टाकावीत, आणि रिंगणाच्या वेळी फोन पिशवीत ठेवायला वारीची शिस्त राखणाऱ्या चोपदारांनी सांगावं, त्यांचं अजून सगळे ऐकतात. यंदाच्या आषाढीआधी एवढं तरी व्हावं ही कळकळीची विनंती.

— एक वारकरी, सातारा