ड्रेसिंग रूममधल्या सिस्टरना, कोल्हापूरच्या कोडरांकडून

आदरणीय सिस्टर,

सप्रेम नमस्कार.

कोल्हापुरात बसून अमेरिकेतल्या रुग्णांच्या चार्टवर निदानाचे कोड, म्हणजे विम्याच्या बिलासाठी आजाराला दिलेले ठरावीक क्रमांक, टाकणारी आम्ही मंडळी. बहुतेक जण बी.एस्सी. नाहीतर बी.फार्म. करून इथं आलेले. कोडबुक तोंडपाठ, पण न भरणारी जखम पाहिलेली ती फक्त चित्रात. सर्जरी वॉर्डात उभी नोकरी काढून निवृत्त झालेल्या तुम्ही आम्हाला ड्रेसिंगच्या नोंदी वाचायला शिकवलंत. मोघम आभार तुम्हाला चालणार नाहीत, म्हणून काय काय शिकवलंत तेच लिहितो. हेच काम करणाऱ्या आणखी कुणाच्या उपयोगी पडलं तर बरंच.

दाबानं न झालेल्या पायाच्या जुनाट जखमेचा कोड एल९७. कोडबुकात त्याच्याखाली ‘मूळ आजार आधी लिहा’ अशी सूचना असते आणि घाईत नजर नेमकी तिच्यावरूनच घसरते. तुमचा पहिला प्रश्न मात्र कायम एकच असायचा: जखम झाली कशानं? इचलकरंजीत मागावर दिवसदिवस उभं राहणाऱ्याच्या पोटरीच्या शिरा फुगलेल्या असतील आणि घोट्याच्या आतल्या बाजूला ओली, पसरट जखम असेल, तर ती शिरांची. मधुमेहानं पायाची संवेदना गेली आणि कोल्हापुरी चपलेच्या अंगठ्यानं बोटांच्या बेचक्यात घासून घासून खड्डा पडला, तर ती मधुमेहाची. आमचे रुग्ण ओहायो-टेक्सासचे, त्यांच्या पायात कोल्हापुरी नसते. पण ही दोन उदाहरणं एकदा ऐकली की चार्टमधली कारणं आपोआप वेगळी दिसायला लागतात.

मग कोडांचा क्रम लागतो. टाइप २ मधुमेह आणि उजव्या पायाच्या बोटाला चरबीपर्यंत गेलेली जखम: आधी ई११.६२१, मागून एल९७.५१२. उजव्या घोट्यावर शिरा फुगल्यामुळं झालेली तशीच जखम: आधी आय८३.०१३, मागून एल९७.३१२. आय८३ मध्ये घोटा आणि बाजू दोन्ही आलेच की, मग एल९७ कशाला, असं नवीन माणूस विचारतोच. खोली फक्त एल९७ सांगतो, म्हणून. मधुमेह आणि पायाची जखम दोन्ही लिहिलेलं असेल, तर डॉक्टरांनी वेगळं कारण दिलेलं नसताना त्यांचा संबंध धरूनच चालायचं, हा कोडिंगचा नियम आहे. पण त्याच पायाला शिरांचाही त्रास नोंदवलेला असेल तर आपण न्यायनिवाडा करायचा नाही, डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी विचारणा, पाठवायची.

सगळ्यात जास्त उपयोग झाला तो खोलीच्या धड्याचा. एल९७ चा शेवटचा आकडा म्हणजे खोली: १ म्हणजे नुसती त्वचा फाटलेली, २ म्हणजे चरबी उघडी, ३ म्हणजे स्नायू मेलेला, ४ म्हणजे हाड मेलेलं. ऑक्टोबर २०१७ पासून त्यात ५ आणि ६ आले: स्नायू किंवा हाडापर्यंत जखम गेली आहे, पण ते मेल्याचा पुरावा नाही. जखमेत घातलेली तपासणीची सळई हाडाला टेकली एवढंच चार्टमध्ये असेल तर ४ टाकायची घाई करू नका, हे तुम्ही बजावलंत. टेकणं वेगळं, कुजणं वेगळं. हाडाला जंतुसंसर्ग झाल्याचं निदान डॉक्टरांनी केलं असेल तर त्याचा स्वतंत्र कोड लागतो. त्यावरून हाड मेलं असं आपण ठरवायचं नाही.

वॅग्नर ग्रेडचंही, म्हणजे मधुमेही पायाच्या जखमेच्या मोजपट्टीचंही, तेच. सर्जन नुसतं ‘वॅग्नर २’ लिहून मोकळे होतात आणि कोडर ते शेवटच्या आकड्यावर जसंच्या तसं उतरवतो. त्या मोजपट्टीत २ म्हणजे जखम कंडरा, सांध्याचं आवरण किंवा हाडापर्यंत गेलेली. एल९७ मधला २ म्हणजे फक्त चरबी. आकडा सारखा दिसला म्हणून फसायचं नाही. अशा वेळी ड्रेसिंगची नोंद उघडायची. जखमेची खोली आणि शय्याव्रणाची (अंथरुणात पडून दाबानं होणाऱ्या जखमेची) स्टेज नर्सच्या नोंदीवरून घेता येते. निदान मात्र डॉक्टरांचंच हवं. म्हणजे तुमच्यासारख्यांनी लिहिलेल्या दोन ओळींवर अख्खा आकडा उभा असतो. हे तुम्हाला आधी कुणी सांगितलंच नव्हतं, याचं आम्हाला अजून नवल वाटतं.

शय्याव्रण एल८९ मध्ये. इथं शेवटचा आकडा स्टेज सांगतो, आणि सगळ्यात जास्त घोळ ० आणि ९ मध्ये होतो. माकडहाडावरच्या जखमेवर काळी खपली किंवा पिवळा थर बसलाय, तळ दिसतच नाही, म्हणून स्टेज ठरवता येत नाही: एल८९.१५०. तळ दिसतोय, पण स्टेज कुणी लिहिलीच नाही: एल८९.१५९. पहिल्यात दोष जखमेचा, दुसऱ्यात लिहिणाऱ्याचा, असं तुम्ही म्हणाला होतात. कातडी शाबूत, पण खाली जांभळा-काळा डाग असेल तर तो आकडा ६.

भरत आलेल्या चौथ्या स्टेजच्या जखमेला तिसरी म्हणायचं नाही, हे तुम्ही फळ्यावर लिहूनच ठेवलं होतंत. खड्डा भरतो तो नव्या मांसानं आणि व्रणानं. गेलेला स्नायू आणि चरबी परत येत नाही. दाखल होतानाच जखम पूर्ण भरलेली होती असं लिहिलेलं असेल तर एल८९ टाकायचाच नाही.

टाचेबद्दल अजून भांडणं होतात. अंथरुणाला खिळलेला मधुमेही, टाचेवर जखम. दाबानं झाली तर एल८९.६१ किंवा ६२, मधुमेहानं झाली तर ई११.६२१ आणि एल९७.४. फरक कागदावरचा नाही. रुग्ण दाखल होताना नसलेली तिसऱ्या-चौथ्या स्टेजची शय्याव्रणाची जखम नंतर झाली, तर मेडिकेअर (अमेरिकेतला ज्येष्ठांचा सरकारी आरोग्य विमा) ऑक्टोबर २००८ पासून त्यासाठी वाढीव पैसे देत नाही. म्हणून दाखल होतानाची नोंद आधी शोधायची, आणि क्वेरीत उत्तर सुचवायचं नाही. ‘ही जखम दाबाची आहे ना?’ असं नाही. ‘टाचेच्या जखमेचं कारण कृपया नोंदवावं’ असं.

डिब्रीडमेंटच्या, म्हणजे मेलेलं मांस काढून जखम साफ करण्याच्या, कोडचं थोडक्यात. किती खोल दिसतं ते नाही, किती खोलवरचं काढलं ते धरायचं. हाड उघडं असलं तरी फक्त चरबीपर्यंतचं काढलं असेल तर ११०४२, हाडापर्यंतचा ११०४४ नाही. एकाच खोलीच्या जखमांचं क्षेत्रफळ मिळवायचं, वेगळ्या खोलीचं नाही: ३ बाय ४ आणि ४ बाय ३ सेंटिमीटरच्या दोन जखमांतून चरबीपर्यंतचं काढलं तर २४ चौरस सेंटिमीटर, म्हणजे पहिल्या २० साठी ११०४२ आणि उरलेल्या ४ साठी ११०४५. लांबी डोक्याकडून पायाकडं, रुंदी तिला काटकोनात, खोली कापसाच्या काडीनं, आणि कडेखालचा पोकळपणा घड्याळाच्या काट्यांसारखा, डोकं म्हणजे १२. ही तुमची पद्धत नोंदीत दिसली की आमचं निम्मं काम झालेलं असतं.

तुमच्या वहीतलं खोलीचं पान आम्ही नव्या बॅचसाठी टाइप करून घेतलंय. त्यात ५ आणि ६ ची चित्रं नाहीत. तेवढी काढून दिलीत तर ऑक्टोबरचे नवे कोड यायच्या आत छापून घेऊ.

तुमचे कृतज्ञ,
कोल्हापूरचे कोडर