पीटीचे नियोजन खेळांच्या गटांनुसार हवे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

शैक्षणिक वर्षाच्या सुरुवातीला शाळांमध्ये शारीरिक शिक्षणाचे वार्षिक नियोजन लिहिले जाते. त्याचा साचा बहुतेक ठिकाणी ठरलेला असतो : आधी कवायत, मग खो-खो, मग कबड्डी, जमल्यास व्हॉलीबॉल. पुढे तालुका आणि जिल्हा स्पर्धांच्या तारखा लागल्या की संघातल्या बारा जणांचा सराव चालतो आणि वर्गातली उरलेली तीस-पस्तीस मुले भिंतीच्या सावलीला बसतात. नाशिकमधील महापालिका, जिल्हा परिषद आणि खासगी शाळांनी हे नियोजन खेळाच्या नावाने न करता खेळांच्या गटांनुसार करावे, यासाठी हे पत्र.

इंग्लंडमधील लाफबरो विद्यापीठाचे डेव्हिड बंकर आणि रॉड थॉर्प यांनी १९८२ मध्ये ‘आधी खेळ, मग कौशल्य’ अशी पद्धत मांडली. तिच्याबरोबर खेळांचे चार गट रूढ झाले. गोट्यांसारखे नेमबाजीचे, क्रिकेट-विटीदांडूसारखे टोलवून धावा काढण्याचे, बॅडमिंटन-व्हॉलीबॉलसारखे जाळीचे आणि फुटबॉल-हँडबॉलसारखे चढाईचे. एका गटातल्या सगळ्या खेळांपुढे प्रश्न सारखाच असतो. जाळीच्या खेळात चेंडू समोरच्याच्या रिकाम्या जागेत टाकायचा आणि आपली जागा झाकायची. रिंगटेनिसमध्ये ज्या मुलाला हे कळले त्याला बॅडमिंटनमध्ये ते नव्याने शिकवावे लागत नाही.

मात्र हे चार गट जसेच्या तसे उचलले की आपल्याकडे गाडी अडते. खो-खो, आट्यापाट्या, लंगडी कुठे बसवायचे? यांत चेंडू नाही, गोल नाही. कबड्डीला अनेक जण चढाईच्या गटात टाकतात, पण तिथेही पकडायचे असते ते माणसालाच. म्हणून महाराष्ट्रातल्या शाळांसाठी पाठलागाच्या खेळांचा पाचवा गट करावा आणि तोच सर्वांत आधी शिकवावा. या गटाचे एक समान सूत्र आहे : पाठलाग करणाऱ्यावर नियमाने बंधन असते. खो-खोत त्याला मध्यरेषा ओलांडता येत नाही आणि एकदा घेतलेली दिशा बदलता येत नाही. लंगडीत तो एकाच पायावर असतो. आट्यापाट्यांत आपली पाटी, म्हणजे मैदानावर आखलेली आडवी पट्टी, सोडता येत नाही. कबड्डीत चढाईला गेलेल्याला दम आणि तीस सेकंद पुरवावे लागतात. त्यामुळे शिक्षकाने ‘जोरात पळा’ असे ओरडण्यापेक्षा ‘त्याला काय करता येत नाही?’ एवढेच विचारावे. मुले उत्तर शोधतात आणि त्यानंतर हुलकावणी शिकवली की ती पटकन बसते. हीच हुलकावणी पुढे फुटबॉलमध्ये चेंडूशिवाय मोकळे होताना उपयोगी पडते.

पस्तीस मिनिटांच्या तासिकेचे गणित असे बसते. तीन मिनिटे अंग मोकळे करणे, दहा मिनिटे लहान केलेला खेळ, चार मिनिटे प्रश्न, दहा मिनिटे त्या प्रश्नातून निघालेले एकच कौशल्य आणि शेवटची आठ मिनिटे पुन्हा तोच खेळ. अठ्ठेचाळीस मुलांचा वर्ग असेल तर खो-खोची चार छोटी मैदाने फक्कीने आखावीत. प्रत्येकाची लांबी नऊ-दहा मीटर. एका मैदानावर बारा मुले : पाच बसलेली, एक पाठलागावर, सहा धावणारी. धावणारे दोन-दोनच्या तुकडीने येतील आणि दर दीड मिनिटाला तुकडी बदलेल. साडेचार मिनिटांत सहाही जण धावून होतात, मग बाजू बदला. ज्या पटांगणात पेव्हर ब्लॉक आहेत तिथे सूर मारण्यास आणि खांबाचा आधार घेण्यास सरळ बंदी असावी. खांबाच्या जागी रेघ पुरते.

जाळीच्या गटासाठी जाळी विकत घ्यायची गरज नाही. व्हरांड्याच्या दोन खांबांना चोवीस मीटरचा दोर बांधला की तीन-तीन मीटर रुंदीची आठ मैदाने होतात आणि दोघांविरुद्ध दोघे खेळले तर बत्तीस मुले एकाच वेळी खेळतात. उरलेल्या सोळा जणांनी गुण आणि नोंदी ठेवायच्या, पाच मिनिटांनी अदलाबदल. दोर मध्ये झोळतो, म्हणून दर सहा मीटरवर काठीचा टेकू द्यावा. सुरुवातीला चेंडू झेलून फेकू द्यावा. थेट टोलवायला लावले तर चेंडू उचलून आणण्यातच निम्मा तास जातो.

चढाईच्या गटात सगळी मुले चेंडूभोवती घोळका करतात. ‘पसरा, पसरा’ म्हणून उपयोग होत नाही, कारण मोकळी जागा घेऊन फायदा झाल्याचे त्यांनी पाहिलेलेच नसते. चौघांविरुद्ध दोघे असा सामना ठेवावा, चेंडू हातात घेऊन पळण्यास मनाई करावी आणि रक्षकाने एक हात अंतर राखावे. कोणीतरी मोकळा राहतोच आणि मुलांना तो दिसू लागतो. मग चौघांविरुद्ध तिघे, शेवटी बरोबरीत.

टोलवण्याच्या गटाचा दोष म्हणजे क्षेत्ररक्षक नुसते उभे राहतात. टोलवलेला चेंडू ज्याच्या हाती येईल त्याच्यामागे सर्व क्षेत्ररक्षकांनी रांगेत उभे राहायचे, तोवर टोलवणाऱ्या संघाने धावा काढायच्या, असा नियम केला की सगळे पळतात. दाटीच्या पटांगणात लाकडी विटी नको, डोळ्याला धोका असतो. रबरी चेंडू आणि आखूड फळी पुरे.

गटांचा क्रम हवामानाला धरून ठेवावा. पावसाळ्यात मैदानावरची काळी माती बुटांना चिकटते आणि धावणारे घसरतात. तेव्हा व्हरांड्यात नेमबाजीचे आणि जाळीचे खेळ घ्यावेत. पाठलागाचा गट आधी शिकवायचा म्हणजे जूनच्या कोरड्या दिवसांत त्याची सुरुवात उरकावी आणि पाऊस ओसरल्यावर तो पुन्हा उचलावा. डिसेंबर-जानेवारीच्या थंड सकाळी चढाईच्या खेळांना उत्तम. तेव्हा अंग मोकळे करायला तीनऐवजी सहा मिनिटे द्यावीत. मार्चपासून ऊन तापते, तेव्हा टोलवण्याचे खेळ पहिल्या तासिकेलाच उरकावेत.

यात शिक्षकाकडून हमखास होणारी चूक म्हणजे प्रश्न विचारून उत्तरही स्वतःच देणे. दुसरी, खेळ इतका सोपा करणे की हरण्याची शक्यताच उरत नाही. मग मुले विचार कशाला करतील? मूल्यमापनही बदलावे लागेल. शंभर मीटरची वेळ घेऊन खेळाची समज मोजता येत नाही. एका मुलाने दुसऱ्याचा खेळ तीन मिनिटे पाहून तो रिकाम्या जागेत किती वेळा गेला, एवढ्या रेघा ओढल्या तरी चांगली नोंद मिळते.

महापालिकेच्या शिक्षण विभागाला विनंती एवढीच की, शाळांना क्रीडासाहित्य देताना चार चामडी फुटबॉलऐवजी दोराची गुंडाळी, फक्कीची दोन पोती, वीस मऊ रबरी चेंडू आणि दोन रंगांच्या चाळीस कापडी पट्ट्या द्याव्यात.

आपला,
एक क्रीडाशिक्षक, पंचवटी, नाशिक