निकेलच्या गावातला हॅम्लेट

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतला इनोकेन्ती स्मोक्तुनोव्स्की या रशियन नटावरचा लेख आवडीने वाचला. दिग्दर्शक ग्रिगोरी कोझिंत्सेव यांच्या १९६४च्या ‘हॅम्लेट’ चित्रपटाबद्दल लेखकाने मनापासून लिहिलं आहे. हरकत एकाच वाक्याला आहे. यश त्यांच्याकडे चालत आलं, म्हणे. चालत वगैरे काही आलं नाही हो! ‘हॅम्लेट’ पडद्यावर आला तेव्हा हा माणूस ३९ वर्षांचा होता. (एकेरीत लिहितोय, राग मानू नये. आवडत्या नटाला आपण अहो-जाहो करत नाही.)

मी १९७५ ते १९८० मॉस्कोत धातुशास्त्र शिकलो. आमच्या लेखी नोरिल्स्क म्हणजे निकेल. उत्तर ध्रुववृत्ताच्याही वर, हिवाळ्यात दीडेक महिना सूर्य न उगवणारं शहर. ते कैद्यांच्या श्रमांवर उभं राहिलं, हे आमच्या पाठ्यपुस्तकात नव्हतं. आणि १९४६ पासून पाचेक वर्षं तिथल्या नाट्यगृहात स्मोक्तुनोव्स्की काम करत होता, हे तर मला मायदेशी परतल्यावर कितीतरी वर्षांनी समजलं.

तो तिथे का गेला, हे आपल्या लेखात यायला हवं होतं. जन्म १९२५चा, सायबेरियातल्या तात्यानोव्का खेड्यातला. अठराव्या वर्षी दुसऱ्या महायुद्धाच्या आघाडीवर: कूर्स्कची लढाई, मग नीपर नदी ओलांडणं. डिसेंबर १९४३ मध्ये तो जर्मनांच्या हाती सापडला. महिन्याभराने निसटला, एका युक्रेनी कुटुंबाने त्याला लपवलं, पुढे तो पार्टिझानांबरोबर, म्हणजे जर्मनांशी गनिमी काव्याने लढणाऱ्यांबरोबर, लढला. पण शत्रूच्या कैदेत राहून आलेला सैनिक स्तालिनच्या राज्यात संशयितच. नोरिल्स्कच्या पुढे हद्दपार करायला जागाच उरत नाही, म्हणून आपणच आधी तिथे जाऊन राहिलो, असं तो नंतर सांगत असे. मूळ आडनाव स्मोक्तुनोविच, तेही तिथेच बदललं. तब्येतही तिथेच खालावली.

मग मखाचकला, स्तालिनग्राड, अशी गावोगावची नाटकं. १९५५ मध्ये मॉस्कोला आला, तर तिथली नाट्यगृहं त्याला दारात उभं करेनात. तिशीतला, नाव नसलेला नट, कोण घेणार? अखेर १९५७ मध्ये लेनिनग्राडला दिग्दर्शक तोव्स्तोनोगोव यांनी दोस्तोयेव्स्कीच्या कादंबरीवरच्या ‘इडियट’ नाटकातला प्रिन्स मिश्किन त्याच्या हाती सोपवला, आणि लोक रेल्वेने लेनिनग्राड गाठू लागले.

मी त्याला रंगमंचावर एकदाच पाहिलं, मॉस्को आर्ट थिएटरने केलेल्या चेखवच्या ‘इवानोव’मध्ये. दिग्दर्शक ओलेग येफ्रेमोव. तिकीट अर्थातच नव्हतं. रस्त्यावर उभं राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला ‘लिश्नी बिल्येतिक?’, म्हणजे एखादं जादा तिकीट आहे का, असं विचारत राहायचं, ही तिथली रीतच. बोटं बधिर झाली तेव्हा एका आजीबाईंना माझी दया आली. नाटकातलं निम्मं रशियन माझ्या डोक्यावरून गेलं, पण आवाज आठवतो. पडेल आवाज, वाक्याच्या मध्येच विझणारा, तरी शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा. ‘हॅम्लेट’मधला बासरीचा प्रसंग पुन्हा पाहा: साधी बासरी वाजवता येत नाही, मग मला कसं वाजवणार, असं हॅम्लेट आपल्यावर पाळत ठेवणाऱ्या मित्राला सुनावतो तो. दुसरा कुणी असता तर तिथे गरजला असता. हा आवाज खाली आणतो, आणि समोरच्याची गाळण उडते.

लेखात एल्दार र्‍याझानोव यांच्या १९६६च्या ‘बेरेगीस अव्तोमोबील्या’ (‘मोटारीपासून सावध’) या विनोदी चित्रपटाची एका ओळीत बोळवण झाली आहे. त्यात तो देतोच्किन नावाचा विमा एजंट आहे. लाचखोरांच्या गाड्या चोरतो, विकतो आणि पैसे अनाथाश्रमांना पाठवतो. संध्याकाळी हौशी नाटकात हॅम्लेट करतो! त्याच्या मागावर असलेला तपास अधिकारी म्हणजे हेच येफ्रेमोव. आणि मोटारसायकलवरून पाठलाग करणारा, शेवटी त्याचं सगळं ऐकून त्याला सोडून देणारा वाहतूक पोलीस म्हणजे ग्योर्गी झ्झोनोव. हा झ्झोनोव १९३८ मध्ये पकडला गेला, सायबेरियाच्या पार पूर्वेकडल्या कोलिमाच्या कैदी-छावण्यांत राहिला आणि मग हद्दपार होऊन नोरिल्स्कच्या त्याच नाट्यगृहात आला. इथून बाहेर पड, मोठ्या शहरात नशीब काढ, असं स्मोक्तुनोव्स्कीच्या मागे लागलेला मित्र तोच.

तो पाठलाग मी मॉस्कोत होस्टेलच्या मित्रांबरोबर पाहिला. सगळे हसत होते, मीही हसलो.

आपला,
एक निवृत्त धातुशास्त्रज्ञ