विहिरीवरचे खोपे

यावल, श्रावण

चि. ताईस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू पुन्हा म्हणालीस, "आप्पा, एकटे बसून राहू नका, पुण्याला या." मी 'हो' म्हटलं, पण मनापासून नव्हतं. म्हणून हे पत्र.

तुझी आई गेली तेव्हा सकाळ खायला उठायची. मळ्यातल्या विहिरीच्या कठड्यावर नुसता बसून राहायचो. तिथल्या बाभळीवर सुगरणीचे खोपे लोंबतात हे लहानपणापासून ठाऊक. नीट पाहिले मात्र त्या पावसाळ्यात. आता हा तिसरा. तुझी शाळेची कोरी राहिलेली वही त्यांच्याच नोंदींनी भरत आलीय.

आपण सुगरण म्हणतो, पण खोपा विणतो नर, पिवळ्या डोक्याचा. शिंदीच्या नाहीतर ज्वारीच्या पानाची कड चोचीने कापून लांब पट्टी सोलतो. ती फांदीला गुंडाळत आधी कडी, मग तिच्यावर टोपासारखा घुमट. आतून ओला चिखल थापतो. एवढं झालं की मादी बघायला येते. तिला पटलं तरच अंड्यांची जागा आणि खालची नळी पुरी होते. नाही पटलं तर खोपा अर्धाच लोंबत राहतो. असे अर्धे खोपे पाहिले की मला फार वाटतं गं. तो मात्र शेजारच्या फांदीवर नवी कडी धरतो. एक घर वसलं की नर दुसरं बांधून दुसरी मादी आणतो, हे पक्षीतज्ज्ञ सलीम अलींनी १९३० साली अलिबागजवळच्या किहीमला असंच रोज बघत बसून शोधलं.

गेल्या आठवड्यात वाऱ्याने एक अर्धा खोपा विहिरीत पडला. बादलीने काढला, ओट्यावर वाळवला. आता दुपारी कळण्याची भाकरी खाऊन झाली की तुझ्या आईच्या सुईने एकेक पट्टी सोडवतो. तुटू द्यायची नाही, हा माझा नेम. काल ६१२ झाल्या, अजून बऱ्याच आहेत. घरात आवाज नसतो, पण तो आता टोचत नाही. सुई हातात असली की ती शेजारी गोधडी शिवत बसलीय असंच वाटतं.

दिवाळीनंतर येतो आठ दिवस. त्याआधी तू पोळ्याला ये. सकाळी लवकर माझ्याजवळ कठड्यावर बस. बोलू नकोस मात्र, ते उडून जातात.

तुझे आप्पा